बाबांचं काम

आमचा फ्रिज गाव सोडून निघाला होता आणि बाबा त्याला अडवत होते.

"पोरी, थांब," असं म्हणून बाबांनी उजवा हात असा काही लांब केला की आईला त्या हाताखालून वाकून जावं लागलं. तिला कोथिंबीर हवी होती.

"तुमच्या पोरीला जरा बाजूला घ्या," आई म्हणाली. "मला आमटी करायचीय."

बाबा काही हलले नाहीत. त्यांनी फ्रिजच्या डोळ्यांत डोळे घालून, म्हणजे वरच्या दाराकडं बघून, पुढचं भाषण चालू ठेवलं. मी ओट्यावर बसून हातातल्या कागदावर बोट फिरवत होते, शब्द चुकला की मी सांगायचं. पण चुकणार कुठला? आमच्या गल्लीतल्या कुत्र्यालासुद्धा ते भाषण पाठ झालं असेल. मी तेव्हा पाचवीत होते आणि मला सतराचा पाढा येत नव्हता, पण हे भाषण मी झोपेत म्हणायचे.

कोल्हापुरात बाबांना दोन प्रकारचे लोक ओळखतात. दूध संघातले लोक त्यांना सरनोबतसाहेब म्हणतात, आणि नाटकमंडळीतले जयसिंगराव. आमच्या घरात तर शब्दच वाटून घेतले होते. बाबा सकाळी जायचे ती 'नोकरी' आणि संध्याकाळी तालमीला जायचे ते 'काम'. "ह्या वर्षी जयसिंगरावांचं काम आहे का?" असं कुणी विचारलं तर त्याचा दूध संघाशी काही संबंध नसायचा. स्पर्धेच्या नाटकात त्यांनी कधी सावकाराचं काम केलं, कधी हवालदाराचं, एकदा तर मिशी काढून न्यायाधीशाचं. बक्षीस एकदाच मिळालं, उत्तेजनार्थ. ते टीव्हीच्या वर ठेवलेलं असतं आणि दर रविवारी पुसलं जातं.

आणि आता पिक्चर. तोही कुणाचा, तर शैलाआत्याचा.

शैलाआत्या बाबांची धाकटी बहीण. मुंबईत पिक्चर 'कट' करते, असं मला लहानपणी सांगितलेलं. आता कोल्हापूरच्या पोरीला कट म्हटलं की काय डोळ्यांसमोर येणार? मिसळीवरचा लालभडक रस्सा. माझी खूप दिवस अशी समजूत होती की आत्याचा मुंबईला मिसळीचा गाडा आहे आणि तिथं नट लोक खायला येतात. खरं समजलं तेव्हा जरा वाईटच वाटलं. कारण खरं म्हणजे ती एका अंधाऱ्या खोलीत बसून लोकांनी काढून आणलेले तुकडे बघायची, नको ते काढायची आणि हवं ते जोडायची. सुरुवातीला तर खरीखुरी फिल्म असायची. ती कापायची, चिकटपट्टीनं जोडायची, नको असलेला तुकडा गळ्यात माळेसारखा अडकवून ठेवायची. पुढं कॉम्प्युटर आले. ज्यांचे फोटो रिक्षांच्या मागं असतात अशा हिरोंना तिनं वाचवलंय, असं बाबा सांगायचे. रडायचा सीन जमलेला नसला की आत्या तेवढ्यात खिडकीतला पाऊस दाखवायची.

आणि एवढं करून तिचं नाव कधी यायचं? लोक सीटखाली चपला शोधत असतात तेव्हा. आम्ही मात्र थिएटरात शेवटपर्यंत बसायचो. नाव आलं की बाबा एकटेच टाळी वाजवायचे. झाडायला आलेला माणूस आमच्याकडं बघायचा.

"माझं काम चांगलं झालं की मी दिसत नाही," असं आत्या म्हणायची. तिचंही कामच, बघा. शब्द तोच.

तर इतकी वर्षं दुसऱ्यांचं निवडून निवडून आत्याला कंटाळा आला आणि तिनं ठरवलं की एक पिक्चर आपला काढायचा. ती निर्माती झाली. जे होतं ते सगळं त्यात घातलं. पिक्चरचं नाव 'तरीचं तिकीट'. नदीकाठचं एक गाव, पूल नाही, होडीनं पलीकडं जायचं. त्या होडीला जुने लोक 'तर' म्हणायचे. गावातली एक मुलगी शिकायला म्हणून सगळ्यांशी भांडून त्या तरीनं निघून जाते, एवढीच गोष्ट. नाव ऐकून बाबांच्या मंडळीतले आंबी काका म्हणाले होते, "आधी कट, आता तरी. जयसिंगराव, तुमच्या बहिणीला मिसळीचा गाडाच घालून द्या."

त्या पिक्चरमध्ये घाटावर तिकिटं फाडणारा एक म्हातारा मास्तर होता. त्याला एकच सीन, पण काय सीन होता. मुलगी तिकीट मागते, मास्तर तिकीट देत नाही, आधी बोलतो. सगळं पानभर. मग देतो. आत्या फोनवर बाबांना म्हणाली, "दादा, मास्तर तू करशील का?" बाबा हळूच खुर्चीवर बसले. आईनं पंखा लावला.

आत्या एकदा वाचून घ्यायला म्हणून घरी आली तेव्हा बाबांनी तिला फ्रिजशेजारी उभं करून पूर्ण सीन करून दाखवला. ती हाताची घडी घालून ऐकत होती. सीन झाल्यावर चांगलं म्हणाली, आवाज जरा खाली आण म्हणाली, कॅमेऱ्याला मागची रांग नसते. मग बाबांनी तिला विचारलं, शूटिंगला तू असशील ना?

"मी कधीच जात नाही, दादा. तुला माहितीय."

बाबांना माहीत होतं, मला नव्हतं. म्हणून मी 'का?' असं विचारलं. आत्यानं माझ्या ताटातला शेंगदाणा उचलून तोंडात टाकला आणि म्हणाली, "तिथं गेलं की माया लागते गं. कोण उन्हात उभं राहिलं, कोण तापानं फणफणत आलं, सगळं दिसतं. मग कापवत नाही. आपण खोलीत बसावं. जे पडद्यावर दिसतंय तेवढंच खरं मानावं."

"पण आता पिक्चर तुझा आहे," बाबा म्हणाले.

"तेच वांदे झालेत," आत्या म्हणाली.

आणि शूटिंगला गेलीच ती. मे महिना, कृष्णेचा घाट, शिरोळकडचं एक गाव. मी आणि आई बाबांचा डबा घेऊन गेलो होतो, जसं काही ते दूध संघातच चाललेत. बाबांना धोतर, विटका कोट आणि जाड काड्यांचा चष्मा दिला होता. लाकडी खोक्याचं तिकीटघर उभं केलं होतं, त्याच्या चौकटीत बाबा बसले होते. मला ते इतके खरे वाटले की मी त्यांना हाक मारायला लाजले.

आत्या कॅमेऱ्याच्या शेजारी उभी होती. मी तिच्या पुढ्यात. जनरेटर बंद पडला होता, होडीवाला जेवायला गेला होता, हिरॉईनची चप्पल तुटली होती, आणि जो तो येऊन म्हणायचा, मॅडम आता काय करायचं? डायरेक्टर ओजस सर पुण्याचे होते, कोवळे होते, तेसुद्धा वळून आत्याकडंच बघायचे. आत्या एकेका शब्दात उत्तर देत होती. चालेल. नको. उद्या. दुसरी आण. मी तर थक्क. घरी हीच आत्या चहात साखर घालू का नको यावर पाच मिनिटं घालवायची.

सीन सुरू व्हायचा होता अजून. बाबांनी चष्मा काढला, धोतराच्या टोकानं पुसला. मग वर बघितलं. मी हात हलवला. बाबा हसले नाहीत, पण बघत राहिले. तोंड थोडं उघडलं, काहीतरी म्हणणार आहेत असं वाटलं, पण काही म्हणाले नाहीत. तसेच बघत राहिले. मला वाटलं, माझा नवा फ्रॉक बघतायत.

तेव्हा एक बारीकशी गोष्ट झाली. आत्यानं कॅमेरावाल्या दादाच्या खांद्याला एक बोट लावलं. एवढंच. मला वाटलं, माशी हाकलली असेल.

मग सीन झाला. पहिल्यांदा बाबा मागच्या रांगेपर्यंत बोलले, घाटावरचे बगळे उडाले. ओजस सर म्हणाले, काका थोडं कमी. मग थोडं कमी केलं. आणि नंतर एकदा असं काही जमलं की लाइटवालेसुद्धा हातातलं सोडून ऐकत उभे राहिले. शेवटी मास्तर तिकीट पुढं करतो आणि म्हणतो, जा. तिथं सीन संपतो. पण बाबा संपले नाहीत. आमचे बाबा स्टेजवर कधीकधी पदरचं वाक्य घालतात. लेखकानं न लिहिलेलं, आयत्या वेळी आपल्याला सुचलेलं. मंडळीत सगळे त्याला घाबरतात, कारण पुढच्याचं उत्तर चुकतं. तिकीट मुलीच्या हातात दिल्यावर तिची बोटं मिटवत बाबा म्हणाले:

"पोरी, हे जायचं तिकीट. यायचं आम्ही फाडत नाही. परत येणाऱ्या माणसाला कसलं तिकीट?"

हिरॉईन कागदावरचं सगळं विसरली आणि नुसती रडायला लागली. खरंखुरं. मी हातातल्या कागदावर बोट ठेवून वाक्य शोधत होते, ते तिथं नव्हतंच. ओजस सरांनी वळून आत्याकडं बघितलं. हे वाक्य ठेवायचं का? आत्या मोबाइलमध्ये काहीतरी बघत होती, निदान मान तरी खाली होती.

"असू दे," ती म्हणाली.

सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. परत येताना बाबा गाडीत तीनतीनदा सांगत होते, "शैला म्हणाली असू दे. पदरचं वाक्य तिनं ठेवलं."

पुढं पिक्चर लागेपर्यंत बाबांनी काय काय केलं ते सांगितलं तर तुम्ही हसाल. आईनं त्यांना नवा नेहरू शर्ट घेतला. दूध संघातल्या लोकांना, मंडळीतल्या लोकांना, गल्लीतल्या सगळ्यांना सांगून झालं. आंबी काका तर म्हणाले, आता जयसिंगराव आमच्यात कशाला काम करतील. बाबा म्हणाले, खुळा आहेस काय, स्टेज ते स्टेज. पण त्यांना ते आवडलं होतं, कान लाल झाले होते.

पहिल्या दिवशी अर्धं थिएटर आमच्याच माणसांनी भरलं होतं. बाबा मधल्या रांगेत, त्यांच्या एका बाजूला आई, दुसऱ्या बाजूला मी. आत्या मुंबईहून आली होती, पण आमच्यात बसली नाही. ती नेहमी शेवटच्या रांगेत बसते. ती पडदा बघत नाही, लोकांची डोकी बघते. डोकी हलायला लागली की समजायचं, इथं लांबलंय. मी मागं वळून बघितलं तर ती खरंच पडदा बघत नव्हती. ती एकाच डोक्याकडं बघत होती, आणि ते माझ्या शेजारी होतं.

मास्तरचा सीन इंटरव्हलच्या आधी. मुलगी भांडून घराबाहेर पडते, बोळातून पळते, घाटाच्या पायऱ्या उतरते. आंबी काकांनी मागच्या रांगेतून बाबांच्या खांद्यावर थाप मारली. बाबांनी शर्टाची कॉलर नीट केली, जसं काही पडद्यावरून त्यांना कुणी बघणार आहे. मुलगी शेवटची पायरी उतरली.

आणि एकदम शहर. गाड्या, हॉर्न, मुलगी स्टँडवर ट्रंक घेऊन उभी.

मला वाटलं, मशीन बिघडलं. मी बाबांना विचारलंसुद्धा, की मधलं कुठं गेलं? बाबा म्हणाले, येईल पुढं. आईनं माझा हात दाबला.

इंटरव्हल झाला. सगळ्यांनी समोसे खाल्ले आणि आमच्याशी हवापाण्याबद्दल बोलले. कुणीही बाबांकडं नीट बघत नव्हतं. दूध संघातले एक जण म्हणाले, आता शेवटाला असणार साहेबांचं, महत्त्वाचं माणूस शेवटाला येतंय. बाबांनी मान हलवली. समोसा हातात तसाच होता.

शेवटी पिक्चरमध्ये पूल होतो. घाटावरची 'तर' बंद पडते. मुलगी आता मोठी साहेब झालेली, गावाला येते, कुणाशी फार न बोलता मोटारीत बसून पुलावरनं परत निघते. मोटार लहान लहान होत जाते. आणि मग तिकीटघराच्या चौकटीत बाबा.

चष्मा काढतात. धोतराच्या टोकानं पुसतात. वर बघतात. तोंड थोडं उघडतं, काही म्हणणार असं वाटतं, आणि म्हणत नाहीत. बघत राहतात. किती वेळ बघतात. मग अंधार.

थिएटरात काय टाळ्या, काय शिट्ट्या. मागं कुणीतरी बाई मोठ्यानं नाक पुसत होती. चपला शोधायचंही लोक विसरले, त्यामुळं त्या दिवशी आत्याचं नाव सगळ्यांनी वाचलं. मी उभी राहून उड्या मारत होते. आणि बाबांनी, आत्याच्या नावाला, आयुष्यात पहिल्यांदा टाळी वाजवली नाही.

बाहेर आल्यावर लोकांनी बाबांना घेरलं. जयसिंगराव, काय काम केलंय. एक शब्द नाही आणि काय काम. साहेब, डोळ्यांनी काम केलं तुम्ही. बाबा प्रत्येकाला हात जोडत होते. मी त्यांच्या नेहरू शर्टाचं टोक धरून उभी होते आणि मला इतका अभिमान वाटत होता की मी वाटेतल्या अनोळखी लोकांना सांगत होते, हे माझे बाबा.

गर्दी कमी झाली तशी आत्या आली. डोळे लाल, पण तोंडावर हसू होतं. मला वाटतं तिनं पहिल्यांदाच तिचं काम लोकांना आवडताना समोर बघितलं होतं. तिनं बाबांचा दंड धरला.

"दादा," ती म्हणाली.

"माझं काम कुठंय?" बाबा म्हणाले.

"शेवटी होतास की. सगळा पिक्चर तुझ्यावर संपतोय."

"तो मी होतो," बाबा म्हणाले. "मी केलेलं काम कुठंय?"

आत्यानं दंड सोडला. म्हणाली, भाषण सुंदर झालं होतं, पण पिक्चर तिथं थांबायचा. कितीदा लावून बघितलं. मुलगी पळतेय तोवर लोक तिच्याबरोबर पळतात, आणि मग मास्तर बोलायला लागला की बसतात. आणि ते बघणं मिळालं, दादा. सगळ्या भाषणात जे नव्हतं ते त्या बघण्यात होतं.

"मी नुसता बघत होतो. तेव्हा मी काम करत नव्हतो."

"तेच तर, दादा."

"तेच तर काय?"

घाटावर सगळ्यांना एकेका शब्दात उत्तर देणारी बाई, तिला एक शब्द सापडेना.

"निदान सांगायचंस तरी," बाबा म्हणाले. "मी अख्ख्या गावाला घेऊन आलो."

"सांगितलं असतं तर कापवलं नसतं."

बाबांनी तिच्याकडं बघितलं. मग मान हलवली, जशी ते दूध संघात एखाद्या कागदावर सही करताना हलवतात. "चांगलं झालं मग," ते म्हणाले. "तुझं काम झालं."

सगळ्यांनी मिळून मिसळ खायला जायचं ठरलेलं होतं. बाबांनी स्कूटर काढली आणि आम्हाला रिक्षानं या म्हणाले. आत्या, आई आणि मी रिक्षात होतो, आणि रिक्षा मिसळीकडं न वळता सरळ घरी गेली. मी मधे बसले होते. दोघींच्या मधे मला एवढी जागा कधी मिळाली नव्हती.

पिक्चर दोन आठवडे चालला. मग गेला. पुढं कुठल्यातरी मोठ्या समारंभात आत्याला त्याच पिक्चरसाठी एडिटिंगचं बक्षीस मिळालं. टीव्हीवर दाखवलं तेव्हा तिच्या नावाआधी एक तुकडा दाखवला. कुठला, ते सांगायला नको. बाबा चॅनेल न बदलता उठून गॅलरीत गेले. आत्यानं पुन्हा पिक्चर काढला नाही. मी एडिटिंगच्या टेबलावरच बरी, म्हणते. आता सीरियल कापते, रोजच्या रोज.

भांडण झालं असं कुणी म्हणणार नाही. भाऊबीजेला ती येते, ओवाळते. बाबा साडी देतात. पूर्वी ती आली की चारचार दिवस राहायची, आणि बाबांची सगळी नाटकं करून झाल्याशिवाय तिला गाडीत बसू द्यायचे नाहीत. आता सकाळी येते, दुपारी जाते. "बरी आहेस ना?" "बरी आहे. तुझं?" "बरं आहे." बस. आणि बाबांनी त्यानंतर काम केलं नाही. मंडळीवाले दोनदा विचारायला आले. बाबा म्हणाले, घसा बरा नसतो हल्ली. खोट्या मिशांचा डबा आंबी काकांना देऊन टाकला. "जयसिंगरावांचं काम आहे का?" हा प्रश्नच आमच्या घरी यायचा थांबला. मला तर खूप दिवस वाटायचं की कापलं म्हणून रुसलेत. आईलाही तसंच वाटायचं. लहान मुलासारखं काय, म्हणायची.

आता मी दहावीत आहे, आणि ह्या वर्षी गॅदरिंगच्या नाटकात माझं काम आहे. मुख्य. मी, जी पाचवीत बाबांना हाक मारायला लाजत होते, ती आता प्रार्थनेच्या रांगेत मागच्या भिंतीपर्यंत ऐकू जाईल अशी बोलते. आवाज कुणाचा, ते सगळे सांगतात. मी बाबांना म्हटलं, माझं जरा बसवून द्या. ते म्हणाले, मला काय कळतंय त्यातलं, बाईंना विचार.

म्हणून मी मोबाइलवर 'तरीचं तिकीट' लावला. म्हटलं, निदान बघून तरी शिकू. शेवटचा तुकडा मी थांबवून थांबवून बघितला. आणि मग मला एक दिसलं. घाटावर मी आत्याच्या पुढ्यात उभी होते, तिच्या कमरेएवढी. बाबा माझ्याकडं बघत असते तर नजर खाली यायला हवी होती. ती खाली नाहीच. ती माझ्या डोक्यावरनं गेलीय. ते आत्याकडं बघत होते. धाकटी शैली, जिला ते, आई सांगते तसं, आजोबांचा विरोध पत्करून सायकलवरनं ट्रंकेसकट स्टँडवर सोडून आले होते, ती तिथं उभी आणि सगळी माणसं तिच्या तोंडाकडं बघतायत. आणि तिनं ते बघितलं. बघितलं, आणि कॅमेरावाल्याच्या खांद्याला बोट लावलं, चालू कर म्हणून.

मी हे कुणाला बोलले नाही. काय बोलणार?

पण परवा रविवारी मी पाठांतर करत खाली गेले तर बाबा अंगणात स्कूटर पुसत होते. पाठ माझ्याकडं. आणि बोलत होते. मला वाटलं फोनवर आहेत. मग शब्द ऐकू आले आणि मी जिन्यातच बसले. अख्खं पानभर भाषण. एक शब्द इकडं तिकडं नाही. मागच्या रांगेसाठी नाही, कॅमेऱ्यासाठी नाही, स्कूटरच्या आरशासाठी, एवढ्याच आवाजात. माझ्या हातात मोबाइल होता. नुसतं बोट लावायचं होतं. मी तो उलटा करून मांडीवर ठेवला.

शेवटी बाबांनी फडकं पिळलं आणि म्हणाले, "शैले, हे जायचं तिकीट. यायचं आम्ही फाडत नाही. परत येणाऱ्या माणसाला कसलं तिकीट?"

पोरी नाही म्हणाले. शैले म्हणाले.

त्या दुपारी मी आत्याला फोन केला. आधी माझ्या नाटकाबद्दल भरपूर बोलले, तिनं हसत ऐकलं. मग सांगितलं की बाबांनी आज मास्तरचं भाषण म्हटलं. पूर्ण.

मागं तिच्या खोलीत कुठलातरी सीन चालू होता, कुणी बाई रडत होती. तो बंद झाला.

"रेकॉर्ड केलंस?" आत्यानं विचारलं.

"नाही."

"बरं केलंस," ती म्हणाली.

शैले म्हणाले, हे मी तिला सांगितलं नाही. ते बाबांनी सांगायचं, मी नाही. पण मला वाटलं आता ती फोन ठेवेल, तर ठेवला नाही तिनं.

"पदरचं वाक्य घातलं का गं त्यानं?"

"घातलं."

"तिकिटाचं?"

"हो. यायचं फाडत नाही ते."

आत्या हसल्यासारखं काहीतरी झालं.

"सगळ्यात आधी तेच काढलं होतं मी," ती म्हणाली. "लांबत होतं म्हणून."